एका चिठ्ठीवर तगलेला पक्षी

हिमाचलात सतलजच्या काठी रामपूर नावाचे गाव आहे. जुन्या बुशहर संस्थानची ही राजधानी. कार्तिकात इथे लवीचा मेळा भरतो. तिबेट, किन्नौर, स्पिती या मुलखांतली लोकर, पश्मिना आणि सुकामेवा पिढ्यान्‌पिढ्या या मेळ्यात विकला जात आला. याच दिवसांत, 13 नोव्हेंबर 1867 रोजी, ॲलन ऑक्टेव्हियन ह्यूम या इंग्रज अधिकाऱ्यांनी रामपूरजवळ चिमणीहूनही लहान, मातकट रंगाचा एक पक्षी टिपला. त्याचे कातडे काढून, आत कापूस भरून, पायाला चिठ्ठी बांधून तो त्यांच्या संग्रहात गेला. पुढे 139 वर्षे या जातीचा जिवंत पक्षी ओळखून कुणी हातात धरला नाही.

या पक्ष्याला मराठीत मोठ्या चोचीचा बोरू वटवट्या म्हणता येईल. शास्त्रीय नाव ॲक्रोसेफॅलस ओरिनस. त्याच्या कुळातले बहुतेक पक्षी पाणथळीचे. तळ्यांच्या, नद्यांच्या काठी जिथे बोरू, देवनळ, पाणकणीस दाटीने वाढते, तिथे हे पक्षी राहतात. उभ्या देठाला पायांनी घट्ट धरायचे, तिरपे होत वर चढायचे, पुढच्या देठावर उडी घ्यायची, असा त्यांचा दिवस जातो. या कुळातले बरेचसे पक्षी तीन-चार देठांना वेढे देऊन खोल वाटीसारखे घरटे विणतात. वाऱ्याने देठ कितीही झुकले तरी अंडी घरंगळत नाहीत ती या खोलीमुळे.

रंगाने मात्र सगळे एकाच मातीचे. वरून तपकिरी, खालून मळकट पांढरे, डोळ्यावर पुसटशी भुवई. अंगावर ठिपका नाही की पट्टा नाही. एक जात दुसरीपासून ओळखायची तर पंखाच्या कितव्या पिसाची लांबी किती, चोच मुळाशी किती रुंद, मागच्या बोटाचे नख किती लांब, हे मोजावे लागते. महाराष्ट्रात यांतला सर्वांत ओळखीचा म्हणजे ब्लिथचा बोरू वटवट्या. पावसाळ्याच्या शेवटी उत्तरेकडून येतो, घाणेरीच्या नाहीतर बाभळीच्या झुडपात घुसतो आणि उन्हाळा लागेपर्यंत आतूनच ‘चक्‌, चक्‌’ करत राहतो. आवाज रोज ऐकू येतो, दर्शन क्वचित. रामपूरचा पक्षी याचाच सख्खा भाऊबंद असल्याचे फार उशिरा कळले.

ह्यूम यांचे नाव शाळेच्या पुस्तकात येते ते काँग्रेसच्या स्थापनेसंदर्भात. पण त्या काळच्या पक्षीअभ्यासकांत त्यांचा अधिकार इतका मोठा होता, की लोक त्यांना भारतीय पक्षीशास्त्राचे पोप म्हणत. जन्म 1829 चा. वडील जोसेफ ह्यूम ब्रिटिश पार्लमेंटातले जहाल सुधारणावादी. 1849 मध्ये ॲलन हिंदुस्थानात आले आणि इटावा जिल्ह्यात त्यांनी मोफत शाळा काढल्या. 1857 पर्यंत त्या 181 झाल्या होत्या. 1867 मध्ये त्यांच्याकडे अंतर्गत जकात खात्याचे आयुक्तपद आले. मिठाची चोरटी वाहतूक रोखण्यासाठी सरकारने देशाच्या अंगावर आडवी जकातरेषा आखली होती आणि तिच्यावर मैलोन्‌मैल काटेरी कुंपण लावले होते. त्या रेषेचा कारभार तीन वर्षे ह्यूम यांच्याकडे होता. रामपूरचा पक्षी याच नेमणुकीच्या पहिल्या वर्षातला.

नोकरीसाठी फिरावे लागे आणि फिरताना पक्षी गोळा होत. ह्यूम यांनी एकट्याच्या बंदुकीवर भिस्त ठेवली नाही. सिंधपासून मणिपूरपर्यंत आणि अंदमानपासून लक्षद्वीपपर्यंत कुठे स्वतः गेले, कुठे माणसे पाठवली. जंगल खात्यातले, लष्करातले, रेल्वेतले, चहाच्या मळ्यांवरचे हौशी लोक त्यांना कातडी, अंडी, घरटी, टिपणे पाठवत. 1872 मध्ये त्यांनी ‘स्ट्रे फेदर्स’ हे नियतकालिक सुरू केले. हिंदुस्थानभरच्या पक्षीनिरीक्षणांना त्यामुळे एक चावडी मिळाली. 1874 मध्ये पक्षी गोळा करणाऱ्यांसाठी त्यांनी एक हातपुस्तिकाच छापली. कातडे कसे काढावे, कसे टिकवावे, पेटीत कसे भरावे, चिठ्ठीवर काय लिहावे, याची शिस्त तिच्यात घालून दिली होती.

हे कौशल्य आता फार थोड्या हातांत उरले आहे. मेलेला पक्षी उताणा ठेवून पोटावरची पिसे दोन्ही बाजूंना सारायची. छातीच्या हाडाच्या टोकापासून खाली एक चीर द्यायची. मग सुरीपेक्षा बोटांनीच कातडे सोडवत न्यायचे. पाय गुडघ्यात, पंख खांद्यात कापून आतून मोकळे करायचे आणि कातडे मोजा उलटा करावा तसे डोक्यापर्यंत ओढायचे. कवटी आणि चोच राहू द्यायची, मेंदू व डोळे काढायचे. आतल्या बाजूला सोमल घातलेला साबण चोळायचा, म्हणजे कसर लागत नाही. मग सुलट करून कापूस भरायचा, चीर शिवायची, पंख अंगाशी मिटवायचे, पाय एकमेकांवर आडवे ठेवून दोऱ्याने बांधायचे. त्याच दोऱ्याला चिठ्ठी. दहा-बारा ग्रॅमच्या वटवट्याचे कातडे ओल्या कागदासारखे असते. अंगठ्याचा जरा दाब जास्त पडला की फाटते.

चिठ्ठी सुपारीच्या खांडाहून फार मोठी नसते. तिच्यावर मावते ते इतकेच : तारीख, ठिकाण, नर की मादी, कुणी टिपला. कातडे कितीही सुबक असो, ही चिठ्ठी गेली की ते शोभेची वस्तू होते. चिठ्ठी शाबूत असली तर पक्ष्याचा रंग उडाला, पिसे झडली, तरी तो साक्षीदार राहतो.

रामपूरच्या पक्ष्याकडे पाहून ह्यूम यांना तो वेगळा वाटला. चोच मोठी, पंख आखूड आणि गोलसर. 1869 मध्ये त्यांनी ‘आयबिस’ या ब्रिटिश नियतकालिकात त्याचे वर्णन दिले. नावात मोठ्या चोचीचा उल्लेख होता. तेच नाव पुढे वेगळ्या पक्ष्याला आधीच दिलेले निघाल्याने 1905 मध्ये अमेरिकन अभ्यासक हॅरी ओबरहोल्सर यांनी ओरिनस, म्हणजे डोंगरातला, असे नवे नाव ठेवले. पण नाव मिळाले तरी जागा मिळेना. एका कातड्यावर वेगळी जात कशी मानायची? हा दंगेखोर बोरू वटवट्याचाच एखादा प्रकार असावा, असे काहींना वाटले. कुणाला तो चुकीच्या वाढीचा एखादा पक्षी वाटला. दुसरा नमुना नाही, गाणे माहीत नाही, घरटे माहीत नाही. पुस्तकांत त्याला तळटीप मिळू लागली.

इकडे ह्यूम यांचे दिवस फिरले. सरकारच्या शेतीविषयक धोरणावर ते उघड टीका करत. 1879 मध्ये त्यांना सचिवपदावरून दूर करून खालच्या जागी पाठवण्यात आले आणि 1882 मध्ये ते निवृत्त झाले. सिमल्याच्या जाखू टेकडीवर रॉथनी कॅसल नावाचे त्यांचे घर होते. त्यातच पक्ष्यांचे संग्रहालय. भारतीय पक्ष्यांवर एक मोठा ग्रंथ लिहायचा, हा त्यांचा पंचवीस वर्षांचा संकल्प होता.

एकदा ते सिमल्याबाहेर असताना घरातल्या एका नोकराने संग्रहालय फोडले आणि हस्तलिखिते रद्दीच्या भावाने बाजारात विकली. सुमारे 700 जातींच्या पक्ष्यांचे जीवनवृत्तान्त त्यात होते. काय गेले आणि काय राहिले, हे ह्यूम यांनी नंतर अंड्या-घरट्यांवरच्या आपल्या पुस्तकाच्या दुसऱ्या आवृत्तीत नोंदवले आहे. चिटोऱ्यांवरची टिपणे राहिली. मोठ्या कागदांवर सलग लिहून काढलेले जवळजवळ सगळे गेले. सिमल्याच्या दुकानदारांना पुड्या बांधायला मोठा ताव हवा होता, हे त्याचे साधे कारण असावे. एका माणसाने पाव शतक राबून उभे केलेले ज्ञान हळद-मिरचीच्या पुड्यांत वाटले गेले, ही भारतीय निसर्गविद्येतली फार मोठी हानी आहे.

ह्यूम यांनी पक्ष्यांचा नाद सोडला. थिऑसफीच्या प्रभावाने ते शाकाहारी झाले होतेच. आता त्यांनी सारा संग्रह ब्रिटिश म्युझियमला देऊ केला. तो ताब्यात घ्यायला 1885 मध्ये म्युझियमचे पक्षीतज्ज्ञ रिचर्ड बाउडलर शार्प स्वतः सिमल्याला आले. पावसाने घराची आणि संग्रहालयाची पडझड झाली होती, बरीच कातडी किड्यांनी खाल्ली होती. तरीही उरले ते सुमारे 82,000 नमुने. एका खाजगी माणसाने गोळा केलेल्या इतक्या पक्ष्यांची मांडणी आणि शिस्त पाहून शार्प थक्क झाले. देवदाराच्या लाकडाच्या 47 पेट्या तयार करवून घेतल्या गेल्या. एकेक पेटी सुमारे अर्ध्या टनाची. त्यांतल्या कुठल्यातरी एका पेटीत, हजारो इतर वटवट्यांसोबत, रामपूरचा पक्षी डोंगर उतरला.

त्याच वर्षाच्या अखेरीस ह्यूम मुंबईत होते. काँग्रेसचे पहिले अधिवेशन पुण्याला भरायचे होते, सार्वजनिक सभेने तयारीही केली होती. पण पुण्यात कॉलऱ्याची साथ आली आणि ऐनवेळी बेत बदलला. 28 डिसेंबर 1885 रोजी गवालिया टँकजवळच्या गोकुळदास तेजपाल संस्कृत कॉलेजात 72 प्रतिनिधी जमले. पक्षीमित्रांना चिकाटीने पत्रे लिहून, माणसे जोडून देशभर जाळे विणणारा तोच गृहस्थ आता वकील, संपादक, डॉक्टर अशा माणसांचे जाळे विणत होता. दोन्ही कामांची पद्धत एकच होती : गावोगावच्या माणसाला पत्र लिहायचे, त्याच्या टिपणाला किंमत द्यायची, आणि सगळ्यांचे काम एका जागी आणायचे.

मुंबईत निसर्गविद्येची देशी हौसही याच काळात मूळ धरत होती. 1883 मध्ये स्थापन झालेल्या बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या आठ संस्थापकांत डॉ. आत्माराम पांडुरंग आणि डॉ. सखाराम अर्जुन हे दोघे मराठी डॉक्टर होते. या संस्थेच्या संग्रहातही हजारो पक्ष्यांची कातडी आहेत आणि प्रत्येकाच्या पायाला तशीच चिठ्ठी आहे.

ह्यूम यांचा संग्रह आधी लंडनला राहिला. 1970 च्या दशकाच्या सुरुवातीला ब्रिटिश म्युझियमचे सगळे पक्षी लंडनच्या वायव्येला ट्रिंग या छोट्या गावी हलवण्यात आले. ते आजही तिथे लाकडी-लोखंडी कपाटांच्या उथळ खणांत, उताणे, रांगेने मांडलेले आहेत. डोळ्यांच्या जागी पांढरा कापूस, पायाशी चिठ्ठी. ज्याने ती लिहिली तो गेला, ज्या रानात पक्षी टिपला ते रान बदलले, पण खण ओढला की 1867 ची तारीख समोर येते.

स्वीडनमधल्या लुंड विद्यापीठाचे स्टाफन बेन्श आणि त्यांचे सहकारी डेव्हिड पियरसन यांनी तो खण ओढला. रामपूरच्या कातड्याचा अगदी थोडा अंश घेऊन त्यांनी त्यातला डीएनए तपासला आणि इतर बोरू वटवट्यांशी ताडून पाहिला. 2002 मध्ये निष्कर्ष आला. हा दंगेखोर बोरू वटवट्या नव्हे, कुठली मिसळही नव्हे. ही स्वतंत्र जात, आणि तिचा सर्वांत जवळचा नातलग ब्लिथचा बोरू वटवट्या. ह्यूम यांनी नुसत्या नजरेने आणि मोजपट्टीने जे सांगितले होते, ते 133 वर्षांनी प्रयोगशाळेने मान्य केले. मात्र पक्षी अजूनही एकच होता, आणि तोही मेलेला.

मग 27 मार्च 2006. थायलंडमध्ये बँकॉकच्या नैर्ऋत्येला, फेचाबुरी प्रांतात समुद्रकिनाऱ्यावर लेम फाक बिया नावाची जागा आहे. तिथे राजघराण्याच्या पुढाकाराने शहरी सांडपाणी नैसर्गिक तळ्यांतून शुद्ध करण्याचा प्रकल्प चालतो. तळ्यांच्या काठी पाणवनस्पती माजतात आणि त्यांत स्थलांतरी पक्षी उतरतात. महिडोल विद्यापीठाचे फिलिप राउंड तिथे बारीक जाळी लावून पक्ष्यांच्या पायांत कड्या घालण्याचे काम करत. त्या सकाळी जाळ्यात बोरू वटवटे सापडले. ते नेहमीचेच. पण एक पक्षी हातात घेताच राउंड यांना खटकला. चोच लांब, पंख आखूड. अशा मापांचा थायलंडमध्ये येणारा कुठलाच बोरू वटवट्या त्यांना आठवेना, आणि मग ट्रिंगच्या खणातला एकुलता एक आठवला. त्यांनी माप घेतले, छायाचित्रे काढली, दोन पिसे घेतली, कडी घातली आणि पक्ष्याला सोडून दिले. पिसे लुंडला बेन्श यांच्याकडे गेली. जुळणी पक्की निघाली. 2007 मध्ये बातमी जाहीर झाली तेव्हा पक्षीजगतात आनंदाचे उधाण आले.

या गोष्टीतला सर्वांत विचार करण्याजोगा भाग इथून पुढचा आहे. जिवंत पक्षी मिळाला म्हणून शोध संपला नाही. शोधकांची नजर पुन्हा खणांकडे वळली. एक चुकीच्या नावाखाली पडून असेल, तर आणखी का नसतील? थायलंडच्या शोधाला सहा महिने होतात न होतात तोच ट्रिंगमध्येच दुसरे कातडे सापडले. ब्लिथचा बोरू वटवट्या म्हणून ठेवलेले, 1869 मध्ये आजच्या उत्तर प्रदेशात टिपलेले. म्हणजे ज्या वर्षी ह्यूम पहिल्या पक्ष्याचे वर्णन छापत होते, त्याच वर्षी दुसरा कुणाच्यातरी पिशवीत पडला होता आणि नाव चुकल्यामुळे सुमारे 137 वर्षे गप्प राहिला.

त्यानंतर लार्स स्वेन्सन, रॉबर्ट प्रिस-जोन्स, पामेला रासमुसेन आणि उर्बान ओल्सन या चौघांनी वेगवेगळ्या संग्रहालयांतले बोरू वटवटे एकेक करून तपासले आणि आणखी दहा नमुने शोधून काढले. 2008 मध्ये त्यांचा लेख आला. त्यांनी नुसती जात ओळखली नाही, तर चिठ्ठ्यांवरच्या तारखा आणि पिसांची अवस्था एकत्र वाचली. काही पक्षी मध्य आशियातून उन्हाळ्यात टिपलेले होते. काहींची पिसे घरट्यातून नुकत्याच बाहेर पडलेल्या पिल्लांची होती. पिल्लू घरट्यापासून फार दूर जात नाही. म्हणजे या पक्ष्याची वीण अफगाणिस्तान-ताजिकिस्तानच्या डोंगराळ पट्ट्यात होत असणार. पंखाच्या आखूडपणावरून आधी वाटले होते की हा पक्षी फार दूर जात नसेल. तारखांनी वेगळेच सांगितले. रामपूरचा नोव्हेंबर म्हणजे डोंगरातून खाली उतरण्याचे दिवस, फेचाबुरीचा मार्च म्हणजे परतण्याआधीचे. पूर्वी निरनिराळ्या माणसांनी, एकमेकांना न ओळखता, प्रामाणिकपणे लिहिलेल्या तारखा शेजारी शेजारी ठेवल्या आणि एका पक्ष्याचे वर्ष उलगडले.

प्रामाणिकपणे, हा शब्द इथे जपून वापरावा लागतो. कारण खोट्या चिठ्ठीने काय होते, ते महाराष्ट्रातल्याच एका पक्ष्याच्या प्रकरणाने दाखवून दिले आहे.

वनपिंगळा हे छोटे घुबडही ह्यूम यांनीच 1873 मध्ये जगापुढे आणले. मग खानदेशात नोकरीला असलेल्या जेम्स डेव्हिडसन यांनी शहादा-तळोद्याच्या रानातून त्याचे काही नमुने मिळवले. 1884 नंतर हा पक्षी कुणाला सापडला नाही. त्यानंतरचा म्हणून एकच नमुना ब्रिटिश म्युझियममध्ये होता. कर्नल रिचर्ड माइनर्ट्सहागेनने 1914 मध्ये गुजरातेत तापीकाठच्या मांडवीला टिपला, असे त्याच्या चिठ्ठीवर लिहिलेले. त्या चिठ्ठीवर भरवसा ठेवून लोकांनी मांडवीभोवती शोध घेतला. घुबड सापडले नाही. 1990 च्या दशकात पामेला रासमुसेन आणि निगेल कॉलर यांनी ते कातडे क्ष-किरणांखाली घातले. वरून ते नव्याने भरलेले होते. आत मात्र डेव्हिडसन यांच्या हातची जुनी पद्धत दिसली. माइनर्ट्सहागेनने म्युझियममधलेच डेव्हिडसन यांचे कातडे उचलले होते, पुन्हा भरले होते आणि स्वतःच्या नावाची खोटी चिठ्ठी बांधली होती.

खोटी चिठ्ठी बाजूला पडली आणि खऱ्या चिठ्ठ्यांवरची गावे उरली. रासमुसेन, बेन किंग आणि डेव्हिड ॲबट यांनी त्या गावांची वाट धरली. 25 नोव्हेंबर 1997 रोजी शहाद्याजवळच्या सातपुड्याच्या पायथ्याशी, पानगळ झालेल्या झाडावर त्यांना वनपिंगळा बसलेला दिसला. 113 वर्षांनी. डेव्हिडसन यांनी लिहिले होते, त्याच मुलखात. पुढे मेळघाटातही तो सापडला आणि आज त्याच्यासाठी महाराष्ट्रात संवर्धनाचे काम चालते. एका माणसाच्या खोटेपणाने या पक्ष्याची कित्येक वर्षे वाया घालवली. त्या वर्षांत त्याचे किती रान तुटले, याचा हिशेब कुणी देऊ शकत नाही.

बोरू वटवट्याच्या बाबतीत सुदैवाने चिठ्ठ्या खऱ्या होत्या, आणि त्यांनी सांगितलेल्या दिशेला तो भेटलाही. अफगाणिस्तानच्या ईशान्येला पामीर आणि हिंदुकुश या दोन पर्वतरांगांमध्ये वाखान नावाची चिंचोळी पट्टी आहे. पंज नदी तिच्या कडेने वाहते. 2008 मध्ये वाइल्डलाइफ कन्झर्व्हेशन सोसायटीसाठी तिथल्या पक्ष्यांची पाहणी करताना रॉबर्ट टिमिन्स यांनी नदीकाठच्या झुडपांतून एका वटवट्याचे गाणे ध्वनिमुद्रित केले. परतल्यावर त्यांनी ट्रिंगमध्ये जुनी कातडी तपासली आणि आपण काय ऐकले, याचा त्यांना अंदाज आला. पुढच्या उन्हाळ्यात अफगाण सहकाऱ्यांसह जाळी लावली गेली. जवळजवळ वीस पक्षी हाती आले. सगळे मोजून, पिसे घेऊन सोडून दिले. ह्यूम यांच्यानंतर जवळजवळ दीड शतकात मिळून जितके सापडले नव्हते, तितके एका मोसमात. त्याच उन्हाळ्यात स्विस अभ्यासकांच्या गटाला पलीकडे ताजिकिस्तानातही त्याची वीण सापडली.

या उंच खोऱ्यात बोरूची दाट बने फार नाहीत. मोठ्या चोचीच्या वटवट्याने इथे नदीकाठच्या वाळुंज, झाऊ आणि काटेरी सी-बकथॉर्नच्या झुडपांत आपले बस्तान बसवले आहे. हीच झुडपे वाखानच्या माणसांनाही हवी असतात. हिवाळा जीवघेणा, झाडे तुरळक. चुलीला जळण आणि शेळ्या-मेंढ्यांना चारा याच पट्ट्यातून येतो. म्हणून इथे पक्षी वाचवणे म्हणजे गावाला जळणाचा दुसरा मार्ग मिळवून देणे. अफगाण सरकारच्या पर्यावरण संस्थेने या वटवट्याला संरक्षित जातींच्या यादीत घेतले आणि 2014 मध्ये वाखान राष्ट्रीय उद्यान जाहीर झाले. आंतरराष्ट्रीय लाल यादीत मात्र त्याच्या नावापुढे अजून ‘अपुरी माहिती’ असाच शेरा आहे.

पक्षी मारून कातडी जमवण्याचा काळ संपला आणि ते योग्यच झाले. ह्यूम यांनी स्वतःच शेवटी बंदूक ठेवली होती. इंग्लंडला परतल्यावर ते वनस्पतींकडे वळले, 1910 मध्ये दक्षिण लंडनमध्ये त्यांनी वनस्पती संस्था काढली आणि 1912 मध्ये त्यांचे निधन झाले. चिठ्ठीचे काम आता ॲल्युमिनियमची कडी, पिसाचे पाकीट, ध्वनिमुद्रण आणि छायाचित्राखालची नोंद करते. पण मागणी तीच आहे : कोण, कुठे, केव्हा. थायलंडच्या तळ्यावर राउंड यांनी घेतलेली दोन पिसे बोलू शकली, कारण ट्रिंगच्या खणात त्यांच्याशी जुळवायला एक जुने कातडे तारखेसकट शाबूत होते. मुंबईच्या, कोलकात्याच्या, देशातल्या कॉलेजांच्या संग्रहांतही असे खण आहेत. त्यांना कोरडी खोली लागते, कसर लागू नये म्हणून नियमित देखभाल लागते, आणि वटवट्याच्या पंखाचे पीस मोजायला बसणारा, त्यासाठी पगार मिळणारा माणूस लागतो. कॉलेजांतून प्राणिशास्त्राची जुनी संग्रहालये जागेअभावी मोडीत काढली जातात, तेव्हा भंगारात जाणाऱ्या पेट्यांमध्ये कुणाच्या पायाला कुठली तारीख बांधली आहे, हे आधी वाचून घेतले पाहिजे. सिमल्यात जे एकदा रद्दीत गेले, ते परत मिळवायचा कुठलाही उपाय नंतर कुणाला सापडला नाही.